भोपळ्याच्या बिया घरी भाजताना

आश्विन-कार्तिकात लाल भोपळ्याची नवी आवक सुरू होते. जून-जुलैत पावसाबरोबर लावलेल्या वेलांची फळे साडेतीन-चार महिन्यांत पक्व होतात. त्यामुळे ऑक्टोबर-नोव्हेंबरात बाजारात येणाऱ्या भोपळ्याची साल टणक, गर गडद केशरी आणि बिया भरलेल्या असतात. घारगे, भरीत किंवा भाजीसाठी भोपळा चिरला की या बिया बहुतेक घरांत धाग्यांसकट कचऱ्यात जातात. खरे तर प्रथिने आणि खनिजे गरापेक्षा बियांतच कितीतरी जास्त असतात, आणि नीट भाजलेल्या बिया संध्याकाळच्या चहाबरोबर दाण्या-फुटाण्यांइतक्याच आवडीने खाल्ल्या जातात. पावसाळी दमटपणा ओसरलेला आणि ऊन कडक असल्यामुळे वाळवणालाही हा हंगाम सोयीचा असतो. ही सोय महत्त्वाची आहे, कारण बी कुरकुरीत होणार की चिवट, हे विस्तवावर जाण्यापूर्वी तिच्यातले पाणी किती निघाले आहे यावर ठरते.

भोपळा मूळचा अमेरिका खंडातला. मेक्सिकोतील ओहाका राज्यातल्या गिला नाकित्झ या गुहेत भोपळ्याच्या सुमारे १०,००० वर्षांपूर्वीच्या बिया सापडल्या आहेत. मेक्सिकोत आजही भाजलेल्या बिया वाटून ‘पिपियान’ नावाचा दाट रस्सा करतात, तर युकातान भागात भाजलेल्या बिया आणि टोमॅटो यांची ‘सिकिल पाक’ ही चटणी करतात. अमेरिका आणि कॅनडात ३१ ऑक्टोबरच्या हॅलोवीनसाठी घरोघरी भोपळे कोरले जातात आणि आतून निघालेल्या बिया त्याच दिवसांत भाजून खाण्याची तिकडे पद्धत आहे. तिथे स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांतली मुलेही हे भोपळे कोरतात. त्यामुळे पुढची कृती तिकडच्या स्वयंपाकघरालाही तितकीच लागू आहे, फक्त उन्हाची जागा तिथे ओव्हनला घ्यावी लागते.

भोपळ्याच्या बीचे तीन थर असतात. सर्वांत बाहेर पातळ, पारदर्शक पापुद्रा असतो. ओल्या बीवर तो बुळबुळीत लागतो आणि वाळला की आपोआप सुटून उडतो. त्याखाली पांढरे किंवा फिक्या पिवळसर रंगाचे टरफल आणि त्याच्या आत हिरवट सालीचा मगज. टरफल तंतुमय आणि कोरडे, तर मगजात जवळजवळ निम्मे तेल. भाजताना या दोन्हींची गरज वेगळी असते. टरफलातले पाणी निघून ते ठिसूळ व्हायला हवे आणि मगज आतल्या आत खमंग व्हायला हवा, पण करपता कामा नये. म्हणूनच मंद आच आणि पुरेसा वेळ लागतो. मोठ्या आचेवर टरफल वरून लाल दिसते, पण मगज एक तर कच्चा राहतो किंवा कडू होतो.

बियांसाठी भोपळा पक्वच लागतो. सालीत नख रुतत नसेल, देठ वाळून लाकडासारखा झाला असेल आणि वजनाला फळ भारी लागत असेल, तर आतल्या बिया भरलेल्या असण्याची खात्री धरता येते. मंडईत भोपळा बहुधा फोडी करून विकतात. अशा वेळी मधल्या धाग्यांतली एखादी बी दोन बोटांत दाबून पाहावी. मध्यभागी फुगीर आणि घट्ट लागली तर ती भरलेली. चपटी होऊन दुमडत असेल तर आत मगज नाही, नुसते टरफल आहे. सकाळपासून उघड्यावर राहिलेल्या फोडीतल्या बिया वरून सुकून धाग्यांना चिकटलेल्या असतात. त्या चालतात, पण धुवायला जास्त वेळ लागतो. धाग्यांना आंबूस वास येत असेल किंवा बुरशीचे ठिपके दिसत असतील तर मात्र त्या घेऊ नयेत. तीन-चार किलोच्या अख्ख्या भोपळ्यातून साधारण वाटीभर बिया निघतात. जातीप्रमाणे हे प्रमाण बरेच कमी-जास्त होते.

दोन बाबतींत कोणतीही सवलत घेऊ नये. पहिली म्हणजे कडूपणा. भोपळ्याचा गर किंवा बी चाखताना कडू लागली तर ते फळ बियांसकट टाकून द्यावे. भोपळा, दुधी, काकडी या कुळातल्या कडू फळांत कुकर्बिटासिन नावाची विषारी द्रव्ये असतात. ती शिजवल्याने किंवा भाजल्याने नष्ट होत नाहीत, आणि त्यांमुळे तीव्र उलट्या-जुलाब होतात. परदेशात सजावटीसाठी मिळणारे छोटे, रंगीबेरंगी, चट्ट्यापट्ट्यांचे भोपळेही याच कारणाने खाण्याच्या कामाचे नसतात. दुसरी गोष्ट, लागवडीसाठी विकत मिळणारे पाकिटातले बियाणे कधीही भाजून खाऊ नये. त्याला बुरशीनाशक चोळलेले असू शकते. बऱ्याचदा ते गुलाबी किंवा हिरवट रंगाचे असते, पण रंग नसला तरी धोका पत्करू नये.

भोपळा कापल्यावर बिया लगेच काढाव्यात, कारण धागे वाळले की ते टरफलाला डिंकासारखे चिकटतात. मोठ्या चमच्याने मधला धागेदार भाग खरवडून पाण्याने भरलेल्या पातेल्यात टाकावा आणि बोटांनी कुस्करावा. बिया वर तरंगतात, गराचे तुकडे खाली बसतात. मग वरच्या बिया हाताने उचलून चाळणीत घ्याव्यात. इथे तरंगणे ही पोकळ बीची खूण समजू नये, ताजी भरलेली बीसुद्धा पाण्यावर येते. चाळणीत वाहत्या पाण्याखाली बिया दोन्ही तळहातांत चोळल्या की उरलेले धागे सुटतात. थोडाफार बुळबुळीतपणा राहिला तरी बिघडत नाही, तो पापुद्र्याचा असतो आणि वाळवताना जातो. पातेल्याच्या तळाशी राहिलेला गर आमटीत किंवा घारग्यांच्या पिठात जिरवता येतो. धागे मात्र मोरीत सोडू नयेत, जाळीवर अडकून पाणी तुंबते.

यानंतरची पायरी अनेक जण गाळतात, पण चवीतला सर्वांत मोठा फरक तिनेच पडतो. धुतलेल्या बिया मिठाच्या पाण्यात उकळाव्यात. एक लिटर पाण्याला एक मोठा चमचा भरून मीठ घालावे, उकळी आली की बिया टाकून दहा मिनिटे मध्यम आचेवर ठेवाव्यात आणि मग निथळाव्यात. वरून भुरभुरवलेले मीठ टरफलाला धरत नाही, बरणीच्या तळाशी जमा होते. उकळताना मात्र खारे पाणी टरफल आणि मगज यांच्यामधल्या फटीत शिरते आणि पाणी आटल्यावर मीठ तिथेच राहते. शिवाय उकळलेले टरफल भाजल्यावर अधिक ठिसूळ होते. हळद घालायची असेल तर याच पाण्यात पाव चमचा घालावी, म्हणजे ती सारखी लागते. उकळायला सवड नसेल तर बिया याच प्रमाणाच्या खाऱ्या पाण्यात रात्रभर भिजवल्या तरी चालते. बिनमिठाच्या बिया हव्या असतील तर साध्या पाण्यात उकळाव्यात.

निथळलेल्या बिया धुतलेल्या सुती फडक्यावर एका थरात पसराव्यात. वर्तमानपत्र किंवा टिश्यू पेपर वापरू नये, ओल्या बिया त्याला चिकटतात आणि सोडवताना कागदाचे तुकडे टरफलावर राहतात. ऑक्टोबरच्या कडक उन्हात एक दिवस पुरतो, ढगाळ हवेत किंवा कोकणासारख्या दमट भागात दोन दिवस लागतात. दुपारी एकदा बिया हाताने खालीवर कराव्यात. बिया संध्याकाळी घरात आणाव्यात, नाहीतर रात्रीच्या गारव्याने पुन्हा ओल धरते. ऊन नसेल तर पंख्याखाली पसराव्यात, किंवा ओव्हन सर्वांत कमी तापमानावर ठेवून तीन-चार तासांत वाळवाव्यात आणि मधूनमधून हलवाव्यात. वाळलेली बी ओळखणे सोपे आहे. तळहातावर चोळली की वरचा पापुद्रा कांद्याच्या सालीसारखा सुटतो आणि मूठभर बिया ताटलीत टाकल्या की खळखळ वाजतात. ओल असेल तर आवाज बसका येतो. अशा ओलसर बिया कढईत टाकल्या की भाजण्याऐवजी त्या आधी वाफवतात. टरफल चामड्यासारखे चिवट होते आणि मग कितीही वेळ भाजले तरी ते पूर्ण सुधारत नाही.

कढईत भाजण्यासाठी जाड बुडाची लोखंडी कढई किंवा तवा घ्यावा. कढई मध्यम तापली की आच मंद करून बिया टाकाव्यात. दोन बियांचे थर एकावर एक येतील इतपतच टाकाव्यात, कढई भरू नये. उलथन्याने सतत परतत राहावे. पहिली चार-पाच मिनिटे फारसे काही घडताना दिसत नाही, फक्त कच्च्या भोपळ्याचा वास येतो आणि क्वचित थोडी वाफ दिसते. नंतर बिया फुगू लागतात आणि अधूनमधून तडतड आवाज येतो, एखादी बी उडतेही. कडा आधी रंग बदलतात, पांढऱ्याच्या लोण्याच्या रंगाच्या होतात आणि मग फिका बदामी रंग मध्यापर्यंत पोचतो. या सुमाराला कच्चा वास जाऊन शेंगदाणे भाजल्यासारखा खमंग वास सुटतो. वाटीभर बियांना एकूण पंधरा ते वीस मिनिटे लागतात. वेळेपेक्षा रंगावर आणि वासावर भरवसा ठेवावा, कारण कढईची जाडी आणि बियांचा आकार प्रत्येक घरी वेगळा असतो.

अंदाज चुकू नये म्हणून मध्येच दोन बिया बाहेर काढून गार कराव्यात आणि फोडून पाहाव्यात. गरम बी नेहमी मऊ लागते, तिच्यावरून निर्णय घेता येत नाही. गार झालेली बी दातांखाली कट्कन तुटली आणि मगज आतून फिका, कोरडा आणि हिरवट राहिला असेल तर भाजणी पुरी झाली. मगज तपकिरी झाला असेल तर ती जास्त झाली. आच बंद केल्यावर बिया कढईत राहू देऊ नयेत. तापलेल्या लोखंडाची धग त्यांना आणखी काही मिनिटे भाजत राहते आणि तेवढ्यात खालच्या बिया करपतात. लगेच परातीत काढून पसराव्यात.

मिठात भाजण्याची पद्धत खारे दाणे करणाऱ्यांकडून घेण्यासारखी आहे. भट्टीवर चणे-दाणे भाजताना गरम वाळू वापरतात, तसेच घरी जाडे मीठ वापरता येते. कढईत अर्धा किलो जाडे मीठ पाच-सात मिनिटे चांगले तापवावे, त्यात वाटीभर कडकडीत वाळलेल्या बिया टाकून सतत हलवाव्यात. मिठाची उष्णता बीला सर्व बाजूंनी एकसारखी लागते, त्यामुळे कढईच्या साध्या भाजणीपेक्षा निम्म्याहून कमी वेळात बिया फुगून रंग धरतात. मग लोखंडी चाळणीने मीठ गाळून घ्यावे. एका जागी काळ्या, दुसऱ्या जागी पांढऱ्या अशा बिया या पद्धतीत जवळजवळ होत नाहीत. ज्यांना कढईवर सारखा रंग साधत नाही त्यांनी हीच रीत धरावी. मीठ गार करून डब्यात ठेवले की पुढच्या वेळी भाजण्यासाठी चालते, स्वयंपाकात मात्र वापरू नये.

ओव्हन किंवा ओटीजीत तापमान १५० अंश सेल्सिअस ठेवावे. ट्रेमध्ये एका थरात बिया पसरून पंचवीस ते पस्तीस मिनिटे भाजाव्यात आणि दर दहा मिनिटांनी हलवाव्यात. कडेच्या बिया मधल्यांपेक्षा लवकर होतात, म्हणून हलवताना कडेच्या आत आणि आतल्या कडेला घ्याव्यात. वेळ वाचवण्यासाठी तापमान १८० पर्यंत वाढवण्याचा मोह टाळावा. तेल जास्त असल्याने मगज शेवटच्या दोन-तीन मिनिटांत झपाट्याने करपतो. एअर फ्रायरमध्ये याच तापमानाला साधारण निम्मा वेळ लागतो. मायक्रोवेव्हमध्ये बिया ठिकठिकाणी जळतात, त्यासाठी तो वापरू नये.

मसाला कधी घालायचा हे मसाल्यावर अवलंबून असते. हळद आणि मीठ सुरुवातीच्या पाण्यात, तर लाल तिखट, जिरेपूड, आमचूर आणि काळे मीठ भाजणी संपल्यावर. तिखट आधी घातले तर जळून ठसका उठतो आणि चव कडवट होते. कोरडा मसाला टरफलावर टिकावा म्हणून वाटीभर बियांना एक लहान चमचा तेल किंवा तूप पुरते. ते शेवटच्या दोन मिनिटांत घालावे, बिया चोपडून निघाल्या की आच बंद करावी आणि लगेच मसाला भुरभुरवून परतावे. कढीपत्ता आवडत असेल तर तो वेगळा कुरकुरीत करून मिसळावा, नाहीतर त्याच्यातले पाणी बियांना लागते. लाल भोपळा अनेक घरांत उपासाला चालतो, तिथे नवरात्रात या बिया सैंधव आणि जिरेपूड लावून करता येतात. अशा वेळी हिंग टाळावा, कारण बाजारातल्या खड्याच्या आणि पुडीच्या हिंगात बहुधा गव्हाचे पीठ मिसळलेले असते.

टरफलासकट खायच्या की सोलून, हे भोपळ्याच्या जातीवर ठरते. भारतात भाजीसाठी मिळणाऱ्या मोठ्या लाल भोपळ्यांच्या बियांची कड जाड असते, त्यामुळे भाजल्यावरही बऱ्याच जणांना टरफल टोचते. कोरण्यासाठी वापरले जाणारे परदेशी भोपळे कुकर्बिटा पेपो या जातीचे असतात. त्यांचे टरफल पातळ असते आणि चावून खाता येते. सोलायच्या असतील तर भाजून गार झालेल्या बिया फडक्यात घेऊन वरून लाटणे अगदी हलके फिरवावे, टरफले कडेने फुटतात. मग सगळ्या बिया पाण्यात टाकून ढवळल्या की टरफले वर येतात आणि बराचसा मगज खाली बसतो. हा मगज पुसून कढईत दोन-तीन मिनिटे पुन्हा गरम करावा. काम वेळखाऊ आहे, म्हणून मूठ-दोन मूठ बियांसाठी कात्रीने कड कापून हाताने सोलणेच बरे. दुकानात मिळणाऱ्या हिरव्या, बिनटरफलाच्या बियांना हे काहीच लागत नाही. ऑस्ट्रियातील स्टायरिया प्रांत तेलासाठी प्रसिद्ध असलेल्या ज्या भोपळ्यांचे पीक घेतो, त्यांच्या बियांना जन्मतःच टणक टरफल नसते. बाकी ठिकाणी यंत्राने टरफल काढलेला मगजही विकला जातो. असा मगज मंद आचेवर चार-पाच मिनिटांत फुगून तडतडतो, त्याहून जास्त भाजू नये.

शंभर ग्रॅम सुक्या मगजात सुमारे ३० ग्रॅम प्रथिने, ४९ ग्रॅम स्निग्धांश आणि साडेपाचशेहून अधिक उष्मांक असतात. मॅग्नेशियम ५५० ते ६०० मिलिग्रॅम, लोह सुमारे ९ आणि जस्त ७ ते ८ मिलिग्रॅम असते. ही सगळी आकडेवारी मगजाची आहे. टरफलासकट तोललेल्या बियांत तंतू जास्त आणि प्रथिने कमी भरतात, हे पाकिटावरचे आकडे वाचताना लक्षात ठेवावे. दिवसाला एक लहान मूठ, म्हणजे २५ ते ३० ग्रॅम मगज पुरेसा होतो. त्यातूनच दीडशेच्या आसपास उष्मांक मिळतात. टरफलासकट एका वेळी खूप बिया खाल्ल्यास पोट जड होते आणि बद्धकोष्ठ होऊ शकते, म्हणून नीट चावून आणि पाणी पिऊन खाव्यात. पाच वर्षांखालच्या मुलांना अख्ख्या बिया देऊ नयेत, घशात अडकण्याचा धोका असतो. त्यांना पूड करून खिरीत किंवा लाडवात द्यावी. रक्तदाब असणाऱ्यांनी बिनमिठाच्या खाव्यात. या बियांत फॉस्फरस बराच असल्याने मूत्रपिंडाच्या रुग्णांनी डॉक्टरांना विचारूनच त्या घ्याव्यात.

नुसत्या खाण्याव्यतिरिक्त या बिया मराठी स्वयंपाकात सहज सामावतात. जवस, कारळे, तीळ यांच्या कोरड्या चटण्या ज्या घरी होतात तिथे भोपळ्याच्या मगजाची चटणी वेगळी शिकावी लागत नाही. एक वाटी भाजलेला मगज, पाव वाटी भाजलेले सुके खोबरे, पाच-सहा लसूण पाकळ्या, दोन चमचे तिखट आणि चवीपुरते मीठ एकत्र जाडसर कुटावे. मिक्सर थांबवत थांबवत चालवावा, एकसारखा फिरवला तर तेल सुटून गोळा होतो. दिवाळीच्या पातळ पोह्यांच्या चिवड्यात दाण्यांबरोबर हा मगज घालता येतो. तो आधीच भाजलेला असल्याने फोडणीत तळू नये, चिवडा तयार झाल्यावर वरून मिसळावा. कोजागरीच्या मसाला दुधासाठी मात्र बिनमिठाचा, न भाजलेला मगज भिजवून वाटावा. दुधाला दाटपणा येतो आणि भाजल्याची चव उतरत नाही.

भाजलेल्या बिया पूर्ण गार झाल्याशिवाय बरणीत भरू नयेत. थोडी जरी ऊब राहिली तरी झाकणाखाली वाफ धरते आणि दुसऱ्या दिवशी बिया मऊ पडतात. कोरडी काचेची बरणी किंवा घट्ट झाकणाचा स्टीलचा डबा घ्यावा आणि उन्हापासून, शेगडीच्या धगीपासून दूर ठेवावा. टरफलासकट बिया साधारण दोन-तीन आठवडे चांगल्या राहतात. टरफलाचे संरक्षण नसलेला मगज मात्र लवकर बिघडतो, म्हणून तो फ्रीजमध्ये ठेवावा. तेल लावून मसाला माखलेल्या बिया आठवडा-दहा दिवसांत संपवाव्यात. नुसत्या मऊ पडलेल्या बिया मंद आचेवर तीन-चार मिनिटे परतल्या की पुन्हा कुरकुरीत होतात. खवट वास येऊ लागला असेल तर तेल बिघडलेले असते आणि पुन्हा भाजून ते सुधारत नाही, त्या टाकून द्याव्यात. हंगामात भोपळा वरचेवर येत असेल तर प्रत्येक वेळच्या बिया धुऊन, उकळून, कडक वाळवून डब्यात साठवाव्यात आणि आठवड्याला लागतील तेवढ्याच भाजाव्यात. वाळलेली, न भाजलेली बी भाजलेल्या बीपेक्षा कितीतरी जास्त दिवस टिकते.